कपाटाच्या आरशातली भिंत

यातलं काहीही रचलेलं नाही. आरतीला भुताच्या गोष्टी वाचायला आवडायच्या, पण त्यांवर तिचा विश्वास कधीच नव्हता. आजही ती 'भूत' हा शब्द वापरत नाही.

गाव निलंग्याजवळचं. दिवस येळवशीचा, वेळ अमावास्येचा.

म्हणजे सारा गाव शेतात जेवायला गेलेला. गल्लीत कुत्रंसुद्धा नव्हतं. आरतीच्या घरी मात्र यंदा कुणी शेताकडं गेलं नाही. तिची आई, शिवगंगा, जाऊन महिना होत आला होता. आरती नांदेडला कॉलेजात शिकवते. रजा वाढवून ती गावी राहिली होती, वडिलांजवळ, अप्पांजवळ.

आई गेली ती औशाहून येताना.

लग्नाहून परतायचं होतं. पुतण्याच्या, वीरेशच्या मोटारसायकलवर मागं एकच जागा. अप्पा बसलेसुद्धा होते. आईनं त्यांना खाली उतरवलं.

"तुम्ही यष्टीनं या. धारेची येळ झाली. ती म्हैस तुम्हाला हात तरी लावू देती का?"

वाटेत उसाची ट्रॉली उभी होती. मागं दिवा नव्हता.

वीरेशचा पाय मोडला. आई जागीच गेली.

अप्पा एसटीनं आले.

तेव्हापासून आरतीच्या डोक्यात एकच वाक्य फिरत होतं. आई त्या गाडीवर बसली नसती तर...

पुढचं ती मनातही पुरं करत नव्हती.

म्हैस खरंच कुणाला हात लावू देईना. कास दगडासारखी झाली. शेवटी त्या दिवशी शेजारची सिद्धम्मा आत्या, अप्पांची थोरली बहीण, आरतीला म्हणाली, "आईचं पातळ नेस. न धुतलेलं. म्हशीला वासाशी मतलब, तोंड कोण बघतंय!"

"मी नेसलो व्हतो की परवा," ओट्यावरून अप्पा म्हणाले. "लाथ बसली."

"आधी दाढी तरी करायची की रे, रामलिंग!"

महिन्यानं त्या घरात कुणीतरी हसलं.

आरती आतल्या खोलीत गेली. तिथं आईच्या लग्नातलं लोखंडी कपाट होतं. दारावर उभा आरसा, त्याच्या काठाला आईच्या टिकल्या चिकटवलेल्या. तिनं खुंटीवरचं पातळ घेतलं. घामाचा आणि कडब्याचा वास आला. ती नेसली. मग, कशाला कोण जाणे, काठावरची एक टिकली उचलून तिनं कपाळाला लावली.

बाहेर अप्पा खोकत होते. नेहमीचा, सुका खोकला.

तिनं आरशात पाहिलं.

कपाळ मोकळं होतं...

तिनं बोट लावलं. टिकली होती. बोटाला लागत होती.

आरशातला हात हलला नाही.

पातळ तेच होतं. त्यातली बाई आई होती.

गेली तेव्हा होती तशी नव्हे. केस कसेतरी बांधलेले, डोळ्यांखाली काळं, गळ्याचं हाड वर आलेलं. मेलेलं माणूस वाळत नाही. ही महिन्याभरात वाळली होती.

आरतीच्या पाठीमागच्या भिंतीवर आईचा हार घातलेला फोटो होता. आरशातल्या भिंतीवरही फोटो होता. हारही होता.

फोटो अप्पांचा होता.

खरं सांगायचं, तर त्या क्षणी आरतीला भीती वाटली नाही. तिला आनंद झाला. आई जगली होती.

मग तिच्या ध्यानात आलं...

बाहेरचा खोकला थांबला होता.

केव्हा थांबला, कळलं नाही. म्हशीच्या साखळीचा आवाज नाही. आत्याची बडबड नाही.

"आई," ती म्हणाली.

आईनं तिच्याकडं पाहिलं नाही. ती आरतीच्या खांद्यावरून पलीकडं बघत होती. दाराकडं. तिचे ओठ हलले. आवाज आला नाही, पण तो शब्द आरतीनं जन्मभर ऐकला होता.

"आवो..."

आरती वळली.

दारात अप्पा उभे होते. डोळे आरशावर. जेवायला हाक मारल्यावर यायचे, तसे ते पुढं निघाले.

"आलो," ते म्हणाले.

आरतीनं त्यांचा दंड धरला. हातात आला, पण त्याला वजन नव्हतं. दोरीवर वाळत घातलेला सदरा धरावा, तसा.

अप्पा थांबेनात.

ती आरशाकडं झेपावली. आत बघितलं असतं, तर तिला जमलं नसतं. तिनं डोळे मिटले, कपाटाची मूठ चाचपली आणि दार सगळं उघडून आरसा बाजूच्या भिंतीला टेकवला.

खोकला आला. साखळी वाजली. अंगणातून आत्या ओरडली, "आगं, नेसतीस का इणतीस पातळ?"

अप्पा खाली बसले होते. अंगाला घाम. आरतीनं त्यांचा हात हातात घेतला. आता तो जड होता, गरम होता.

"तुम्हालाही दिसली?"

"रोज दिसती. याच टायमाला. पर आजवर तिनं इकडं बघितलं न्हवतं." त्यांनी कपाळावरचा घाम पुसला. "हाक बी मारली न्हवती."

"उद्या हे कपाट मी भंगारात देणार."

"राहू दे."

"अप्पा, तुम्ही निघाला होता!"

"राहू दे म्हणलं ना. तिकडं ती एकटी हाय, आरती."

"एकटी कशी? तिकडं मी असेन की."

अप्पांनी मान फिरवली.

"अप्पा?"

"तू न्हाईस," ते म्हणाले. "महिना झाला बघायलोय. एकदा बी दिसली न्हाईस."

आरती अजून नांदेडला परतलेली नाही. अप्पांना त्या घरात एकटं ठेवायची तिची छाती होत नाही, आणि ते घर सोडायला तयार नाहीत. कपाटाचं दार रात्रंदिवस तसंच उघडं असतं. कपडे घ्यायला ती खाली मान घालून जाते.

त्या दिवशी आरशातल्या भिंतीवर तिनं एकच फोटो पाहिला होता. त्याच्या शेजारी आणखी एखादा होता की नाही, हे तिनं पाहिलं नाही.

अप्पांनी पाहिलेलं असणार.

ती विचारत नाही. आणि तेही सांगत नाहीत.