सव्विसावा प्रवासी

शेवटी ती दोघं भरतीमुळे बेटावर अडकली आणि प्रेमात पडली. पण सहलीच्या रजिस्टरमध्ये 'गेले सव्वीस, परत आले सव्वीस' अशी स्वच्छ नोंद आहे. तिच्याखाली एका ज्येष्ठ प्रवाशाची साक्षीदार म्हणून सही आहे आणि सहीखाली तारीख. म्हणजे असं काही घडलेलंच नाही. तेव्हा वरचं पहिलं वाक्य कुणीच वाचलेलं नाही, असं धरून चालू.

तर, सकाळी साडेसातला सहलीची बस फाटकाशी उभी होती आणि गाईड मुलगी माणसं मोजत होती. ती हल्ली सगळंच मोजायची. त्या सकाळी चहाच्या वेळी तिने घरातली माणसं मोजली होती. आई, बाबा आणि ती स्वतः, एकूण तीन. मग पुन्हा मोजली होती. बाबा म्हणाले, "अगं, आम्ही कुठे जातोय?" तरी तिने तिसऱ्यांदा मोजली.

याचं कारण तिच्या खिशात घडी घालून ठेवलेलं होतं. मागच्या महिन्यात तिच्या हातून एक प्रवासी बेटावर राहिला होता. बेटावरच्या दोन हजार वर्षं जुन्या राजवाड्याकडे जायला एकच दगडी वाट आहे आणि भरती आली की ती पाण्याखाली जाते. निघताना तिने सव्वीस मोजले, पण त्या सव्विसात घाईघाईने स्वतःलाच धरलं. पंचवीस प्रवासी आणि ती. सव्विसावा माणूस साडेपाच तास खांबांच्या सोबतीने बसून राहिला आणि ओहोटीनंतर कोळ्यांच्या पाठोपाठ चालत आला. त्याच्या आत्यांनी तीन पानी तक्रार लिहिली. मग कंपनीचं पत्र आलं : पुन्हा एक जरी प्रवासी मागे राहिला तर परवाना रद्द. शिवाय यापुढे एका प्रवाशाने माणसं मोजून रजिस्टरवर सही करायची, असा नवा नियम.

दुसरं कुठलं काम करण्याची कल्पनाही तिला करवत नव्हती. दगडांच्या गोष्टी सांगणं एवढंच तिला जमायचं आणि तेवढंच आवडायचं. त्यामुळे सकाळपासून भीती सोबत होती, आणि ती मोजायची गरज नव्हती. एकच होती.

"एकवीस, बावीस..." ती पुटपुटत होती.

"तेवीस, चोवीस," मागून कुणीतरी म्हणालं. "मी आणि आत्या."

तिने वळून पाहिलं. उंच, किंचित वाकून उभा राहणारा एक तरुण. शेजारी करड्या केसांच्या, पर्स छातीशी धरलेल्या बाई. आणि तरुणाच्या हातात, इस्त्री करून चौकोनी घडी घातलेला, पिवळा झेंडा.

तो तिचाच झेंडा होता. मागच्या महिन्यात बेटावर राहून गेलेला. तेव्हापासून ती घरातल्या लाकडी पळीला पिवळा रुमाल बांधून लोकांना वाट दाखवत होती.

"तुम्ही म्हणजे..." तिचा आवाज चिरकला.

"हो, तोच मी. राहिलेला." त्याने झेंडा पुढे केला. "धुतलाय. रंग थोडा गेला, पण डाग नाही."

"मी सही करणार आहे आज," आत्या म्हणाल्या. "साक्षीदार म्हणून. सांगून ठेवते, मला पासष्टपर्यंतचे पाढे अजून येतात."

गाईडच्या तोंडचं पाणी पळालं. बस चालवणारे काका मात्र आरशातून हसले. "बैस पोरी. सव्वीस झालेत. मी पण मोजलेत."

"काका, तुम्ही मोजू नका हो. तुम्ही गाडी चालवा."

*

पहिला थांबा होता कड्यावरचा. खाली समुद्र पांढरा होऊन आपटत होता आणि वाऱ्याने प्रत्येकाच्या केसांचं वाटेल ते केलं होतं. गाईडने पाठ केलेली माहिती सांगितली. इथून जहाजं दिसायची, इथे रात्रभर जाळ पेटवायचे. मध्येच ती मोजत होती. सतरा नंबरच्या सीटवरचा तो उंच तरुण कठड्यापासून चार हात लांब उभा होता.

"भीती वाटते?" तिने विचारलं. प्रवाशाची चौकशी करणं तिचं कामच होतं, असं तिने स्वतःला बजावलं.

"उंचीची नाही. मी लिफ्ट दुरुस्त करतो. दिवसातून चार वेळा उंचावर लटकतो." तो थांबला. "मी इथे उभा आहे, कारण इथून मी तुम्हाला दिसतो. मोजताना."

तिला हसू आलं. ते तिने खोकल्यात लपवलं. "तुम्ही... रागावला नाहीत?"

"आत्या रागावली. मी उशिरा रागवायचं ठरवलं होतं. मग राहूनच गेलं."

"मग परत का आलात?"

"राजवाडा अर्धाच पाहिला होता. अंधार पडला."

"साडेपाच तासांत?"

"पहिले तीन तास मी तुमच्या बसची वाट बघत होतो. ती परत येईल असं वाटत होतं." तो समुद्राकडे बघत बोलत होता. "तुम्ही पलीकडे पोचलात, तेव्हा मी हात केला होता. दोन्ही हात. आठवतं?"

आठवत होतं. लांब खांबांपाशी कुणीतरी हात हलवत होतं आणि तिला तो कोळी वाटला होता.

"आणि तुम्हीही हात केलात," तो म्हणाला. "चांगला बराच वेळ. खरं सांगू? मला इतका मनापासून निरोप आजवर कुणी दिला नव्हता."

तिने माणसं मोजली. सव्वीस.

बसमध्ये परतल्यावर काकांनी आरशात पाहिलं. "काय गं, कान का लाल?"

"वारा आहे काका."

"हो का? मी पण त्याच वाऱ्यात उभा होतो."

*

बेटावर पोचले तेव्हा दीड वाजला होता. वाटेच्या तोंडाशी खडूने लिहिलेली पाटी होती : आज वाट बंद, तीन वीस. चालत पार करायला बारा मिनिटं. तिने तीनला निघायचं ठरवलं आणि तेव्हापासून दर दोन मिनिटांनी घड्याळ पाहिलं.

राजवाडा म्हणजे आता गुडघाभर भिंती, अकरा खांब, एक विहीर आणि एक न्हाणीघर, ज्याचा दगडी बाक बसून बसून खोलगट झाला होता. "इथे राणी बसायची," ती नेहमीसारखी म्हणाली.

"एकटीच?" सतरा नंबरने विचारलं.

"बाक दोघांचा आहे. पण दुसरं कोण बसायचं, ते कुठे लिहिलेलं नाही."

"म्हणजे रजिस्टर नव्हतं."

आत्यांनी पुतण्याकडे पाहिलं. मग गाईडकडे. मग पर्समधून बिस्किटं काढून स्वतःच खाल्ली.

बरोबर तीन वाजता गाईड वाटेच्या तोंडाशी एका धोंड्यावर चढली. वाऱ्याने झेंडा सारखा तिच्या तोंडावर येत होता. तिने तो मागे उभ्या असलेल्या कुणाच्या तरी हातात दिला. "जरा धरा हं." आणि समोरची माणसं मोजली.

पंचवीस.

तिने पुन्हा मोजली. या वेळी बोट दाखवून. पंचवीस. तिसऱ्यांदा मोजताना तिचे ओठ कोरडे पडले होते. कोण नाही? उंच, वाकलेला... सतरा नंबर. पुन्हा तोच! खिशातलं पत्र तिला कापडातून टोचायला लागलं. माणसाचं धाबं दणाणलं की त्याला सगळीकडे बघायचं सुचतं, फक्त मागे वळून बघायचं सुचत नाही.

"सगळ्यांनी झेंड्यामागे चला!" ती ओरडली. "मी आलेच!" आणि राजवाड्याकडे पळत सुटली.

पुढचा भाग तिला नंतर कळला. पंचवीस माणसं शहाण्यासारखी झेंड्यामागे निघाली. अर्ध्या वाटेवर झेंडेवाल्याने वळून विचारलं, "आत्या, त्या गाईडबाई कुठायत?"

"एक माणूस हरवलाय. त्याला शोधायला गेली."

"कोण हरवलं?"

आत्यांनी रांगेवरून नजर फिरवली. पुढून मागे, मागून पुढे. मग झेंड्याकडे पाहिलं. मग झेंडा धरणाऱ्याकडे.

"तूच रे," त्या म्हणाल्या.

तो झेंडा आत्यांच्या हातात कोंबून उलट्या दिशेने धावला. आत्यांनी झेंडा उंच धरला आणि उरलेल्यांना म्हणाल्या, "चला, बघताय काय? आता मी आहे."

इकडे गाईड अकरा खांबांमधून धावत होती. तिला त्याचं नाव माहीत नव्हतं. दोन हजार वर्षांच्या त्या शांततेत ती जीव तोडून ओरडत होती, "सतरा नंबर! अहो सतरा नंबर!" न्हाणीघरात पाहिलं. विहिरीत डोकावली. विहीर कोरडी होती, तरी डोकावली. डोळ्यांत पाणी, तोंडावर खारे तुषार, कोणतं कुठलं ते कळेना.

"आलो!" वाऱ्यातून आवाज आला. "मीच सतरा! मी इथे आहे!"

तो धापा टाकत समोर उभा राहिला. खांद्याला पिशवी, बूट भिजलेले, पँट गुडघ्यापर्यंत ओली.

"कुठे होतात तुम्ही?" ती जवळजवळ किंचाळली.

"तुमच्या मागे. झेंडा... धरून."

तिने त्याच्याकडे पाहिलं. मग वाटेकडे. वाट नव्हती. तिथे हिरवं पाणी होतं आणि पलीकडे, किनाऱ्यावर, एक बस.

ती न्हाणीघरातल्या बाकावर बसली. बसली म्हणजे कोसळली. "गेला माझा परवाना," ती म्हणाली. "या वेळी तर मी प्रवासी आणि गाईड, दोन्ही मागे ठेवले."

"अजून पाणी फार खोल नसेल. पोहून..."

"काही नको! एक बुडाला तर तो मी कुठे लिहू?"

तेवढ्यात तिचा फोन वाजला. काका.

"पोरी, मोजणी झाली. सव्वीस. आम्ही निघतो."

"काका, आम्ही दोघं इथे आहोत! तिथे पंचवीस आहेत!"

"सव्वीस आहेत."

"तुम्ही स्वतःला धरलंत!"

"मग? मी काय माणूस नाही?" काका शांतपणे म्हणाले. "ती सहीवाली बाई पण म्हणते, सव्वीसच. दोनदा मोजलंन तिने. दोन्ही वेळा माझ्याकडे बघून. ओहोटी झाली की न्यायला येतो. सावकाश येतो."

फोन बंद झाला. पलीकडच्या किनाऱ्यावर बसच्या दारात एक पिवळा झेंडा हलला. गाईडनेही हात केला. बराच वेळ केला. या वेळी तिला ठाऊक होतं कुणाला करतेय.

मग त्याच्या फोनवर आत्यांचा निरोप आला. त्याने तो मोठ्याने वाचला : "पिशवीत दोन स्वेटर आहेत. दुसरा का ठेवला ते विचारू नकोस. महिनाभर तुझं त्या झेंड्याशी काय चाललंय ते मी बघितलंय. रोज इस्त्री कोण करतं रे धुतलेल्या कापडाला?"

वाचून झाल्यावर त्याच्या लक्षात आलं की शेवटचं वाक्य मोठ्याने वाचायचं नव्हतं.

"रोज?" तिने विचारलं.

"एक दिवस... वीज नव्हती."

तिने हसायला तोंड उघडलं आणि रडूच आलं. मघापासून धरून ठेवलेलं सगळं. श्वास पुरेना. तो बाकाच्या दुसऱ्या टोकाला, अंतर ठेवून बसला. त्याचा आवाज एकदम वेगळा झाला. सावकाश, सपाट, दाराच्या पलीकडून बोलावं तसा.

"माझं ऐका. लिफ्टमध्ये माणसं अडकतात ना, तेव्हा मी आधी दार उघडत नाही. आधी बोलतो. आत हवा आहे का?"

तिने समुद्राकडे पाहिलं. "...बरीच."

"उजेड?"

"आहे."

"छान. लिफ्ट खाली पडणार नाहीये. ती फक्त थांबलीये. आता सांगा, आत किती जण आहात?"

लाट आली, गेली. मग तिने अगदी सवयीने बोट उचललं. आधी त्याच्याकडे केलं, "एक." ते बोट हवेत जरा घुटमळलं... आणि स्वतःकडे वळलं.

"दोन."

"नक्की? पुन्हा मोजा."

"दोन," ती म्हणाली. सहलीच्या मोजणीत महिन्याभरात पहिल्यांदाच तिने स्वतःला धरलं होतं आणि आकडा बरोबर आला होता. सकाळची भीती कुठे गेली ते तिने शोधलं नाही. "तुम्ही खरंच राजवाडा बघायला आला होतात?"

"नाही."

"मग?"

"मला बघायचं होतं... हात हलवताना तुम्ही जवळून कशा दिसता."

तिने स्वेटर मागितला. त्याने दिला. बाक दोघांचा होता, आणि मधलं अंतर ओहोटीपर्यंत कमी कमी होत गेलं. किती, ते मात्र कुणी मोजलं नाही.

परवाना शाबूत राहिला. रजिस्टर बिनचूक आहे. फक्त पुढच्या सोमवारी किनाऱ्यावरच्या सरकारी कार्यालयात एक अर्ज आला. आवक नोंदीत त्याला क्रमांक मिळाला आहे आणि अजून तो कुणाच्या टेबलावर जायचा ते ठरलेलं नाही :

*प्रति,*
*मा. अधिकारी, बंदर व भरती-ओहोटी कार्यालय.*

*विषय : भरती लवकर आणण्याबाबत.*

*महोदय, वरील विषयास अनुसरून विनंती की, बेटाकडील वाट दर महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी ठरल्या वेळेपेक्षा अर्धा तास आधी पाण्याखाली न्यावी व ओहोटीस शक्य तितका विलंब लावावा. चंद्रास तशी लेखी सूचना आपल्या स्तरावरून द्यावी. अर्जदारांची संख्या दोन आहे. पुन्हा मोजली. दोनच आहे. तरी योग्य ती कार्यवाही तातडीने व्हावी, ही विनंती.*