इथामारचा अडवलेला अर्ज

लोक आपली नावं टाकून द्यायला माझ्या खिडकीशी येत, आणि मी शिक्का मारून ती आत सरकवत असे. एक शब्द न बोलता. पगार त्याचाच होता.

त्र्याहत्तर सालचा जानेवारी. राजपत्राशी जोडलेल्या दिल्लीतल्या एका छोट्या कचेरीत मी नावबदलाच्या अर्जांची कारकून होते. शनिवारी राजपत्र निघालं की जुनं नाव संपलं. शंभरातले नव्वद अर्ज बायकांचे. लग्न झालेल्या. कालची कुमुद आज शालिनी. मला त्याचं काहीच वाटत नसे.

त्या सकाळी धुकं इतकं दाट होतं की बाहेरची रांग दिसत नव्हती, नुसते खोकले ऐकू येत होते. त्या धुक्यातून एक हात आत आला. लांब बोटं, करड्या स्वेटरची उसवलेली बाही आणि एक अर्ज.

"मैडम, ज़रा देख लीजिए, सब ठीक है?"

सध्याचं नाव, इथामार शालोम झिराडकर. हवं असलेलं नाव, अमर झिराडकर.

मी मान वर केली. "झिराडकर? म्हणजे अलिबागजवळच्या झिराडचे?"

"अरे! तुम्ही मराठी?" धुक्यातला चेहरा हसला. "मग मी उगाच इतकी चांगली हिंदी वाया घालवली."

"चांगली नव्हती," मी म्हटलं.

तो आणखी हसला. हसताना त्याचा डावा डोळा उजव्याच्या जरा आधी मिटायचा. असल्या गोष्टी सरकारी कारकुनाने बघायच्या नसतात, पण खिडकी लहान होती, दुसरीकडे बघायला जागा नव्हती.

"इथामार म्हणजे काय हो?"

"हिब्रू नाव आहे. आम्ही बेने इस्राएल... ज्यू. पण कोकणातले, पिढ्यान् पिढ्या. अर्थ काही माहीत नाही बुवा. पप्पांनी ठेवलं. ते गेले, आईला आठवत नाही."

"आणि बदलायचं कशाला?"

"शाळेत पोरं 'इथं मार, तिथं मार' करत पाठीत गुद्दे घालायची. इथे आलो तर प्रत्येक नवा साहेब विचारतो, मुसलमान? इसाई? मद्रासी? मी हवामान खात्यात आहे. दिवसभर वाऱ्याचं सांगायचं, वर स्वतःचंही सांगत बसायचं... कंटाळलो. अमर म्हटलं की कुणी काही विचारत नाही."

मी शिक्का उचलला. आणि का कोण जाणे, खाली ठेवला.

"अर्ज अपुरा आहे. टाकायच्या नावाचा अर्थ लिहिलेला नाही."

"तसा रकाना कुठाय?"

"मागच्या बाजूला लिहायचा."

"असा नियम आहे?"

"रद्दी विकतानासुद्धा माणूस कागद एकदा उलटून बघतो," मी म्हटलं. "हे तर नाव आहे."

असा नियम अर्थातच नव्हता. तो अर्ज घेऊन धुक्यात गेला तेव्हा माझे कान गरम झाले होते.

आता हे बोलणाऱ्या बाईची गंमत सांगते. फाल्गुनात माझं लग्न व्हायचं होतं. नागपूरचं स्थळ, जयंत, इंजिनिअर, सज्जन. त्याच्या आईची एकच अट. "उल्का? आकाशातून पडणारी? असलं नाव घरात नको हो. आम्ही सुनंदा ठेवू." ताटातल्या तांदळात अंगठीने नवऱ्याने नवं नाव लिहायचं, ही रीतच आपली. माझ्या आई-नानांनी माना डोलावल्या. मीही डोलावली. पुढे माझा अर्ज मीच शिक्का मारून आत सरकवणार होते. त्यात काय एवढं!

आठवड्याने तो आला तो जेवणाच्या सुट्टीत. कचेरीच्या हिरवळीवर फिकट ऊन पडलं होतं, बायका विणत होत्या, मी पेरू खात होते. आमच्या सेक्शनचे मुख्य दीनानाथजी, त्यांनी त्या दिवशीचं सगळं मागून ऐकलं होतं, मोठ्याने ओरडले, "उल्काजी, मौसम आ गया आपका!"

"तुमचं नाव उल्का?" त्याने विचारलं. आणि जरा वेळ नुसता बघत राहिला.

"अर्जाचं बोला," मी म्हटलं.

"बोलतो. आमच्या मशिदीत विचारलं..."

"मशिदीत?"

"प्रार्थनाघराला आमचे लोक मशीदच म्हणतात. हुमायून रोडवर आहे. तिथल्या एका म्हाताऱ्या काकांनी सांगितलं." तो गवतावर बसला, मधे दोन हात अंतर ठेवून. "मोशेचा भाऊ अहरोन. त्याचा सगळ्यात धाकटा मुलगा इथामार. सगळे लोक वाळवंटातून चाललेले, देवाचा तंबू बरोबर. मुक्काम हलला की तंबू सोडायचा, नव्या जागी उभा करायचा. पडदे, दोर, खांब, मेखा... ते सगळं नीट वाहून नेलं जातंय की नाही, हे बघायचं काम इथामारचं."

"म्हणजे बदलीचं सामान हलवणारा!"

"तेच म्हणा."

"मग आमच्या लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरांत घरोघरी इथामार आहेत. आमच्या नानांनी तीन बदल्यांत पाटासुद्धा फुटू दिला नाही."

तो खदखदून हसला. विणणाऱ्या बायकांच्या सुया थांबल्या.

"ही गोष्ट झाली," मी घाईने म्हटलं. "अर्थ कुठाय?"

"फार कडक आहात."

"सरकारी आहे."

"हो? मला तर वाटलं..."

"काय?"

"...काही नाही. पेरू गोड आहे?"

तेवढ्यात थंडीतला पाऊस आला. दिल्लीचा तो बारीक, चोरपावलांनी येणारा पाऊस. बायका लोकरी गोळा करून पळाल्या. आम्ही व्हरांड्यात उभे राहिलो. त्याने आभाळाकडे बघितलं. "वीस मिनिटं पडेल."

चाळीस मिनिटं पडला.

"चुकलं तुमचं खातं," मी म्हटलं.

"खातं बरोबर होतं. चाळीस सांगितलं असतं तर तुम्ही आत पळाला असतात..."

पत्र्यावरून थेंब गळत होते. एक माझ्या मनगटावर पडला, आणि आम्ही दोघंही त्याच्याकडेच बघत राहिलो... जणू तो काही सांगणार होता.

तिसऱ्या वेळी त्याच्या हातात कागदाची पुडी होती.

"हात पुढे करा."

"कशाला?"

"अर्थ आणलाय."

माझ्या तळव्यावर त्याने एक खजूर ठेवला. बोट लागलं, न लागल्यासारखं. "तामार. हिब्रूत खजुराचं झाड. आणि ई म्हणजे बेट, किनारा. ई-तामार. खजुरांचं बेट. काका म्हणाले, पंडित आणखीही अर्थ लावतात. पण मला हाच हवा."

मी डोळे मिटले. जिथून समुद्र हजार-बाराशे किलोमीटर लांब त्या दिल्लीत, फायलींच्या वासात, मला झावळ्यांची सळसळ ऐकू आली. ओली वाळू, तिच्यावर उतरती सावली... आणि कुणीतरी होडीतून उतरून पहिलं पाऊल टाकतंय.

"झोपलात?"

"नाही. पोचले होते तिथे."

पुडीत पोहे होते. ओलं खोबरं, साखर, वेलची, खजुराचे तुकडे. "मलिदा," तो म्हणाला. "एलियाहू हन्नाबी म्हणून आमचे संदेष्टे. त्यांच्या नावाने नवस फेडताना करतात."

"तुम्ही कसला नवस केला होता?"

"अर्थ सापडू दे म्हणून." मग हळूच, "आणि लवकर सापडू नको देऊस म्हणूनही."

मी खाली मान घालून पोहे खाल्ले. माझ्या आईच्या गोडाच्या पोह्यांसारखेच लागत होते. का कुणास ठाऊक, त्याने डोळ्यांत पाणी आलं.

"मग... मारू शिक्का?" मी विचारलं.

"आधी एक सांगा. तुमचं नाव कुणी ठेवलं?"

"नानांनी."

"का?"

मी तोंड उघडलं, आणि लक्षात आलं की पंचवीस वर्षांत मी हे कधी विचारलंच नव्हतं. मग सांगून टाकलं सगळं. नागपूर, फाल्गुन, सुनंदा. पेरूच्या भावाबद्दल सांगावं तसं.

तो पुडीचा कागद घडी घालत राहिला. चौकोनी, मग आणखी चौकोनी.

"माझा अर्ज तुम्ही अडवलात," तो म्हणाला. "तुमचा कोण अडवणार?"

"बायकांचं वेगळं असतं."

"कुठल्या नियमात आहे?"

"मागच्या बाजूला..." मी हसून म्हटलं. तो हसला नाही.

पुढच्या गुरुवारी तो खिडकीशीच उभा राहिला. हातात निळं अंतर्देशीय पत्र.

"थळहून आत्याचं आलंय. आई 'आठवत नाही' म्हणून टाळायची ते हिने लिहिलं." त्याचा आवाज खाली आला. "मला वाटायचं आम्ही दोघेच भाऊ. थोरला एलाजार आणि मी. पण आमच्याआधी दोन मुलगे होते. देवीच्या साथीत एका महिन्यात दोघे गेले. अहरोनाचेही पहिले दोन मुलगे असेच एकदम गेले होते. उरले ते एलाजार आणि इथामार. पप्पा म्हणाले, माझ्याकडे जे उरलेत त्यांना उरलेल्यांचीच नावं देऊ. आजोबांचं नाव ठेवायची आमच्यात पद्धत, सगळे रागावले. पण ते हटले नाहीत."

रांगेतला माणूस खोकला. मी अर्ज शोधून काढला आणि त्याच्या हातात दिला. शिक्का नसलेला.

"राहू दे मला हेच नाव," तो म्हणाला. "सांगत बसेन मी लोकांना. जन्मभर."

"बरं झालं."

"हो... आता इथे यायचं काही कारण उरलं नाही." तो थांबला. माझ्या तोंडून काहीतरी निघायची वाट बघत होता, हे मला कळत होतं. मी पेनाचं टोपण लावलं, काढलं, लावलं. "येतो मग. उल्का."

त्या दोन अक्षरांत इतकी जागा असेल असं मला कधी वाटलं नव्हतं.

पुढचे दहा दिवस धुकं उठलंच नाही. बायका येत होत्या, नावं टाकत होत्या. प्रत्येक अर्ज हातात घेतला की मला वाटायचं हिला विचारावं... विचारलं नाही. शिक्का मात्र जड झाला होता. जयंतच्या आईचं पत्र आलं, त्यात 'चि. सुनंदा हिस आशीर्वाद' असं आधीच लिहिलेलं. मी मागे वळून पाहिलं, खोलीत दुसरी कोणी आहे का.

रविवारी सकाळी नाना अंगणात बुटांना पॉलिश करत होते.

"नाना, माझं नाव उल्का का ठेवलंत?"

ब्रश चालत राहिला. "तू वाईला झालीस. मी नवा नवा दिल्लीत, एकटा. सकाळी तार आली मुलगी झाल्याची. रात्री बाजेवर पडलो होतो तर एक उल्का गेली, चांगली लांबलचक. लोक म्हणतात पडते. मला नाही वाटलं तसं. वाटलं, कुणीतरी माझ्याकडे यायला निघालंय."

"आणि आता सुनंदा होऊ देताय?"

ब्रश थांबला. "तू कुठे नको म्हणालीस?"

"आता म्हणते. नाव बदलायचं नाही. नागपूरलाही जायचं नाही." एवढं झालंच होतं, तर बाकीचंही सांगून टाकलं. इथामार, हवामान खातं, मलिदा.

आई पिठाच्या हातांनी बाहेर आली. "ज्यू? म्हणजे ख्रिश्चनांतले?"

"नाही गं, वेगळे. झिराडकर. तुझ्या रेवदंड्याकडचेच."

"अगं बाई! शनवार तेली? शनिवारी घाणा बंद ठेवायचे ते? आमच्या शेजारी होते की, फार स्वच्छ माणसं." मग एकदम भानावर येऊन, "पण लग्न? लोक काय म्हणतील! अहो, तुम्ही बोला ना काहीतरी."

"नागपूरला मी लिहितो," नाना म्हणाले. "दुसऱ्याचं मला विचारू नका."

दोन दिवस ते माझ्याशी बोलले नाहीत. आई भांडी जरा जास्तच वाजवत होती. तिसऱ्या दिवशी ताटावर बसता बसता त्यांनी विचारलं, "काय म्हणालीस नाव त्याचं? अर्थ काय त्याचा?"

मी सांगितला.

"हं," नाना म्हणाले, आणि आमटीची वाटी पुढे केली. एवढंच. पण त्यांनी विचारलं होतं.

दुसऱ्याच दिवशी अर्धी रजा टाकून मी तीस हजारी कोर्टात गेले, आणि तिथून दोन बस बदलून हवामान खात्याच्या केंद्रावर. उघडं माळरान, ऊन पडलेलं, वारा सुटलेला. एका शेडपाशी तीन-चार जण पांढरा, माणसाहून मोठा फुगा दोरीने धरून उभे होते. वारा मोजायला तो रोज ठरल्या वेळी वर सोडतात म्हणे. त्यांतला एक माझ्याकडे बघत राहिला, मग दोरी दुसऱ्याच्या हातात देऊन पळतच आला.

"तुम्ही? ...काय झालं?"

"वाचा."

त्याने कागद घेतला. "विशेष विवाह कायद्याखाली... नोटीस?"

"रकाने वाचा."

"नाव. स्थिती, अविवाहित. व्यवसाय, वय, पत्ता..." त्याने वर बघितलं.

"धर्माचा रकाना नाही. बायकोच्या नव्या नावाचाही नाही. मी दोनदा बघितलं. माझी ओळ भरली आहे."

उल्का खांबेटे, असं लिहिलेलं त्याने वाचलं. बोट फिरवून पुन्हा वाचलं.

"हा कागद महिनाभर कोर्टाच्या फळ्यावर लागेल," तो म्हणाला. "येणारे-जाणारे सगळे वाचतील."

"वाचू देत."

"माझी आई रडेल."

"माझी रडतेच आहे. दोघींना एकत्र बसवू."

"आणि मी अजून काही विचारलंसुद्धा नाही तुम्हाला..."

"तुमची वाट बघितली असती तर फाल्गुन उलटला असता." वाऱ्याने उडणारा पदर मी कमरेला खोचला. "नको असेल तर सांगा. मी बसने परत जाईन."

त्याचा डावा डोळा आधी मिटला, मग उजवा, आणि दोन्हींतून पाणी आलं. तो खिसे चाचपू लागला. शर्टाचे, पँटचे, पुन्हा शर्टाचे. मी माझं पेन पुढे केलं. वाऱ्याने कागद फडफडत होता, म्हणून एक कोपरा मी धरला, एक त्याने.

"झिराडकर साब!" शेडमधून कुणीतरी ओरडलं. "टाइम हो गया, छोड़ दें?"

"पाँच मिनट रुको!" तो मागे न बघताच ओरडला, आणि माझ्या नावाच्या वरच्या ओळीत एकेक अक्षर सावकाश लिहू लागला.

त्या दिवशी दिल्लीवरच्या वाऱ्याची खबर पाच मिनिटं उशिरा निघाली.