कडीवरचं हिरवं फडकं

बसा रे. पंप आत्ताच सुरू झालाय, टँकर भरेपर्यंत काय माशा मारणार? आणि तू, तो मोबाइल खिशात टाक. अंधाराची सवय कर. आजपासून एकट्यानं फेरीला निघायचंय ना?

काय म्हणालीस पोरी? भुताची सांगू? वा! जायचंय रात्री सुनसान रस्त्यानं आणि ऐकायची आहे भुताची! बरं, सांगतो. पण ही रचलेली गोष्ट नाही. माझ्या सख्ख्या साडूच्या बाबतीत घडलेलं आहे. पटलं तर घ्या, नाहीतर सोडून द्या, फक्त मध्ये तोंड घालायचं नाही.

साडू म्हणजे आपला झटपट. हल्ली घुम्यासारखा बसून असतो तो, पण तेव्हा अंगात वारं भरलेलं असायचं. आमची मेव्हणी म्हणायची, "ह्यांना ताट वाढलं की उष्टं काढायलाच बसावं." फेरीही तशीच करायचा. सगळ्यांच्या आधी परत.

गेल्या वर्षीची मे महिन्यातली अमावस्या. मंगळवार होता. पाऊस तोंड दाखवून दोन वर्षं झालेली, आणि दिवसा उन्हात बाहेर पडलेला माणूस संध्याकाळी घरी येईल याचा भरवसा नव्हता. म्हणून तेव्हाही फेरी रात्रीचीच. उजाडायच्या आत सगळं वाटून संपवायचं.

तेव्हा आपल्याकडे एक रीत होती. दाराच्या कडीला ओलं फडकं बांधलेलं असलं की घरात माणसं आहेत, थांबायचं. कोरडं असलं किंवा नसलंच, तर बिऱ्हाड उठलं, पुढं निघायचं. लोक एका रात्रीत चंबूगबाळं आवरून डोंगराकडे जायचे. सांगून कोण जाणार? त्यांची फडकी मागं लोंबत राहायची, पण ओलं करायला हात लागतो ना! अशी ती रीत. आम्हीच ठरवलेली. फार शहाणे आम्ही.

वीटभट्टीच्या वाटेला शेवटचं घर शिलाईवालीचं. नवरा डोंगराकडे जागा बघायला म्हणून गेला, तो गेलाच. पदरात दोन लेकरं. तिचं फडकं हिरवं होतं, धाकट्याच्या जुन्या सदऱ्याचं. कडेनं नीट दुमडून शिवलेलं. परिस्थिती कशीही असो, बाईचा हात साफ.

त्याच्या आधीच्या फेरीला तिच्या कडीला काहीच नव्हतं. झटपट म्हणाला, "गेली बिचारी. सुटली एकदाची." आणि गाडी पुढं काढली. यात त्याची चूक म्हणाल, तर मीही तेच केलं असतं.

तर त्या मंगळवारी झटपटच्या जिवाला घोर होता. घरात पोरगी तापानं फणफणलेली आणि पाणी तळाला गेलेलं. त्याची गल्ली फेरीत शेवटची, आणि टँकरवाल्यानं आधी आपलं घर भरायचं नाही हाही नियमच. टाकीत राहिलं होतं ते त्याच्या गल्लीपुरतं. म्हणून बाबा जोरात निघाला होता. घरी पोचायचं, बस्स.

रात्रीचा एक वाजून गेला होता. वीटभट्टीच्या वळणावर गाडीचा उजेड त्या दारावर पडला.

कडीला हिरवं फडकं. ओलं. टपटप गळत होतं.

त्याला बरं वाटलं हो. खरंच बरं वाटलं. परत आली म्हणाला बिचारी. त्यानं ब्रेक मारला, पाईप ओढला आणि खिडकीशी जाऊन हाक दिली. "ताई, आलात होय? भांडं लावा!"

आतून आवाज आला, "लावलंय."

आत दिवा नव्हता. त्यानं पाईप खिडकीतून आत सोडला, कॉक फिरवला. पाणी सुरू झालं.

पण आवाज नाही.

पाणी बादलीत पडलं की वाजतं. घागरीत गुडगुडतं. जमिनीवर सांडलं तरी कळतं. इथं काहीच नाही…

"ताई, भरलं?"

"नाही."

थोडा वेळ गेला.

"भरलं का?"

"नाही."

"ताई, माझी पोरगी आजारी आहे हो. पुढं अख्खी गल्ली आहे. बास करू?"

आतून अगदी हळू…

"धाकट्याला अजून तहान आहे."

त्यानं कॉक बंद केला. पाईप तसाच थरथरत होता. पाणी जातच होतं. त्यानं पाईप ओढला… येईना. आतून कुणीतरी धरला होता. ओढत नव्हतं. नुसता धरला होता, तान्हं मूल बोट धरतं तसा.

टाकी खडखडली. रिकामी.

तेव्हा पाईप सुटला.

झटपटनं टॉर्च मारली. फरशीवर धूळ. बोटभर. कोरडी.

गाडी घरापर्यंत कशी आणली, त्याला आजही आठवत नाही. रिकामा टँकर घेऊन दारात आला… आणि टॉर्च वर केली.

त्याच्या घराच्या कडीला हिरवं फडकं.

मेव्हणीनं दार उघडलं. पोरगी मांडीवर, ओठ फुटलेले.

"हे कुणी बांधलं?"

"कुठलं? आपल्या कडीला काही नाहीय."

"का नाही?"

मेव्हणी रडायला लागली. "शेवटच्या घोटभर पाण्यात सवयीनं फडकं भिजवलं आणि कडीला बांधलं. मग पोरगी डोळे फिरवायला लागली. काय करू मी? तेच सोडलं आणि तिच्या तोंडात पिळलं."

झटपट उंबऱ्यावर बसला. आधीच्या फेरीला शिलाईवालीच्या कडीला काहीच का नव्हतं, ते त्याला तेव्हा कळलं…

नंतर तो उठला. हिरवं फडकं सोडलं, पोरीच्या तोंडात पिळलं. पाणी आलं. पुन्हा पिळलं. पुन्हा आलं. सकाळी दुसरा टँकर येईपर्यंत दोघं नवराबायको पिळत बसले होते. पोरगी वाचली. आता शाळेत जाते.

सकाळी आम्ही शिलाईवालीचं दार फोडलं. मी होतो तिथं. आतून कडी होती. तिघंही आतल्या खोलीत होती… आधीच्या फेरीपासूनची. धाकट्याच्या तोंडात फडक्याचा एक कोपरा होता, हिरवा, दुमडून शिवलेला. बाकीचं फडकं घरात कुठंच सापडलं नाही. झटपटच्या दारातल्या फडक्याला तेवढाच कोपरा कमी आहे.

तेव्हापासून ती रीत मोडली. ऐका, पंप थांबला. उठा आता. कडीकडे बघू नका. फडकं असो नसो, प्रत्येक दार वाजवायचं. हाक मारायची. उत्तर नाही आलं तर दार फोडायचं. मला शिव्या घाला, पण फोडा.

काय? ते फडकं?

आहे ना. झटपटच्या कडीलाच बांधलेलं आहे, वर्ष झालं. सोडायचा धीर नाही कुणाला. ह्या उन्हात जाड चादरसुद्धा घटकेत वाळते.

संध्याकाळी इकडे येताना मी त्याला हात लावला होता. टॉर्च लाव. हा बघ माझा तळवा…

अजून ओला आहे.