तळहाताखालचा हात

ही गोष्ट रचलेली नाही. ती सांगताना मंजुश्री डावा हात ओढणीखाली झाकून ठेवते.

लातूर. गेल्या डिसेंबरातला शुक्रवार, सकाळचे साडेसहा.

तिचे वडील, उमाशंकरअप्पा, पूजेला बसले होते. कंपवाताचं सातवं वर्ष. गळ्यातलं इष्टलिंग तळहातावर घ्यायचं, पण हात तर ठरत नाही. म्हणून नागप्पा रोज यायचे. दाराशी चपला काढायचे, कपाळाला विभूती लावायचे आणि त्याच भरल्या बोटांनी मित्राचा हात खालून धरायचे.

"उमा, हात हाय का चाळणी?"

"गप धर की, बडबड्या."

"उद्या नांदेडला लेकीकडं चाललो."

"आन् परवा?"

"परवा हाजर. तुला सोडून कुठं जातो रे?"

चहा गाळता गाळता मंजुश्री हसली होती.

रविवारी पहाटे नांदेडहून फोन आला. नागप्पा झोपेतच गेले.

पूजेशिवाय अप्पा गोळीसुद्धा घेत नसत. पूजा होऊ दे, मग सांगू, असं तिनं ठरवलं. आज हात आपणच धरू.

ती खोलीच्या दारात आली...

आणि थबकली.

अप्पांचा हात स्थिर होता.

सात वर्षांत पहिल्यांदा.

"नागप्पा, लई गार हाय रे आज तुझा हात," जपात डोळे मिटलेले अप्पा म्हणाले.

खोलीत दुसरं कुणी नव्हतं.

पूजा आटोपली. त्यांच्या हाताच्या पाठीवर मात्र... विभूतीची चार बोटं.

"चहा न घेताच पळाला व्हय?"

तिनं नुसती मान हलवली. त्या दिवशी सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. हात ठरत होता, अप्पा जेवत होते.

संक्रांतीच्या आधी अप्पाही गेले. त्यांच्या तळहातावर इष्टलिंग ठेवून समाधी दिली.

आता संपलं, असं तिला वाटलं.

गेल्या सोमवारी ती अप्पांच्या आसनावर पूजेला बसली. तिचा हात काही कापत नाही.

साडेसहा वाजले.

दाराशी चपला काढल्याचा आवाज...

मग डाव्या तळहाताखाली गारवा. चार बोटं.

ती बोटं हळूहळू आवळत गेली.

तेव्हा तिच्या लक्षात आलं, नागप्पा गेल्याचं या घरात कुणी तोंडातून काढलंच नव्हतं.

डोळे न उघडता ती म्हणाली, "काका, अप्पा गेले. तुम्ही तर त्यांच्याही आधी गेलात. मी त्यांना सांगितलं नाही... आणि तुम्हालाही."