बंद देव्हाऱ्याची मागची फळी

जपानमधल्या नारा शहरातली हरणं मान लववून बिस्किट मागतात, एवढं हेमांगीताईंना मुलीने सांगून ठेवलं होतं. बिस्किटं संपली की ती साडीचा पदर चघळायला घेतात, हे सांगायचं ती विसरली. उद्यानाच्या फाटकाशी एका हरणाच्या तोंडातून पदर सोडवण्यात हेमांगीताई गुंतल्या असताना मागून कुणीतरी स्वच्छ मराठीत म्हणालं, "पदर खोचून घ्या बरं. आज दिवसभर हेच चालायचंय."

या नात्सुए मोरियामा, आजच्या दिवसापुरत्या हेमांगीताईंच्या एकटीच्या मार्गदर्शक. तरुणपणी पुण्यात राहून त्या मराठी शिकल्या होत्या आणि येताना मराठीबरोबर तिथला ठसकाही घेऊन आल्या होत्या. सावंतवाडीच्या बाईने जपानला यावं आणि इथेही तिला पुणेरी बोलणं ऐकावं लागावं, याची हेमांगीताईंना भारी गंमत वाटली. साठी ओलांडल्याबद्दल मुलीने ही सहल भेट दिली होती. झेंड्यामागून धावणारा घोळका नाही, वेळेची घाई नाही. जुनी देवळं पाहायची आणि मनात येईल ते विचारायचं.

नात्सुएंनी पिशवीतून दोन वस्तू काढल्या. काचेची एक छोटी पाटी स्वतःकडे ठेवली आणि जाड चौकटीचा चष्मा हेमांगीताईंच्या हातात दिला. काष्ठवेधी चष्मा. देवळांची दुरुस्ती करणाऱ्या सुतारांसाठी तो निघाला. खांब आतून कुजलाय का, हे बघायला पूर्वी त्याला भोक पाडावं लागे. मग सहलवाल्यांना त्याचा शोध लागला आणि आता तो नसलेला मार्गदर्शक नारात कुणी ठरवत नाही.

मोठ्या देवळाच्या पहिल्याच खांबाला हेमांगीताईंनी चष्म्याची चौकट टेकवली. लाकडाला टेकल्याशिवाय तो जागा होत नाही. क्षणभर अंधार दिसला, आणि मग खांब आतून उलगडत गेला. वर्षावर्षाची वलयं, एकमेकांत घुसवलेल्या दोन तुळयांचा सांधा, आणि खोलवर कुणीतरी मारून विसरलेला एक खिळा.

उजेड आणि रेडिओ यांच्या मधोमध बसणाऱ्या काही लहरी असतात, नात्सुए सांगत होत्या. कोरड्या लाकडातून त्या सहज जातात, आणि जिथे गाठ, खिळा किंवा पोकळी लागते तिथून परततात. त्या परतलेल्या लहरींचं चष्मा चित्र करतो. पल्ला मात्र वीतभरच. चष्म्यातलं चित्र त्याच क्षणी पाटीवरही उमटतं, म्हणजे मार्गदर्शकाला समजावून सांगता येतं.

हेमांगीताईंना फारसं समजावून सांगावं लागलं नाही. चितारींच्या घरात त्या लग्न होऊन आल्या तेव्हापासून लाकडातच वावरत होत्या. सासऱ्यांचा लाकडी खेळण्यांचा कारखाना आता त्याच चालवत होत्या, आणि सावंतवाडीची रंगीत फळं नि बाहुल्या बोटीने पार युरोपात धाडत होत्या. त्यांनी खांब पाहिले, कठडे पाहिले, शिंतो मंदिराच्या लाल कमानीचे पाय पाहिले. एका सांध्यात तिरक्या कापाची चूक लपवायला सुताराने पातळ चीप ठोकलेली दिसली तेव्हा त्या खुदकन हसल्या. चूक झाकायची रीत इथेही तीच होती. शेवाळलेल्या दगडी दिव्यांच्या वाटेवरून चालताना त्या इतक्या खुशीत होत्या, की दिवे दगडाचे आहेत आणि त्यांना चष्मा लावून काही दिसायचं नाही, याचा त्यांना चक्क राग आला.

दुपारी दोघी शहराबाहेरच्या टेकडीवर चढल्या. वर ओतोनाशी-जी नावाचं लहानसं देऊळ होतं. ओतोनाशी म्हणजे निःशब्द, जी म्हणजे देऊळ, आणि आत बसली होती संगीताची देवी. बेन्झाइतेन. "तुमचीच सरस्वती," नात्सुए म्हणाल्या, "समुद्र ओलांडून आलेली. वीणा अशी छातीशी धरून बसते म्हणतात. पाहिलेलं मात्र कुणीच नाही."

जपानी देवळांत काही मूर्ती अशा असतात, की त्यांचं दर्शन कुणालाच होत नाही. दार बंद, आणि बंद दारालाच नमस्कार. इथल्या मुख्य पुजाऱ्यांनी देवी पाहिलेली नव्हती, त्यांच्या गुरूंनी नव्हती, त्यांच्या गुरूंनीही नव्हती. कित्येक पिढ्यांपूर्वी देवळाला आग लागली तेव्हा भिक्षूंनी मूर्ती कापडात गुंडाळून बाहेर आणली, आणि नवा देव्हारा तयार झाल्यावर डोळ्यांना पट्ट्या बांधून परत आत बसवली. नेम मोडू नये म्हणून. तेव्हापासून दार उघडलेलं नाही. हे सांगताना नात्सुएंच्या आवाजात अभिमान होता. चष्मा घेऊन टेकडी चढायची परवानगी नारातल्या मोजक्याच मार्गदर्शकांना होती, आणि तीही केवळ शब्दावर: खांब पाहा, तुळया पाहा, देव्हाऱ्यासमोर चष्मा उतरवा.

हेमांगीताईंनी चष्मा उतरवला. म्हणजे, तो वर कपाळावर सरकवला, घरी हिशेब पाहून झाल्यावर सरकवतात तसा. काळ्या लाखेच्या बंद दारापुढे उभ्या राहिल्या आणि त्यांचे डोळे भरून आले. दसऱ्याला पाटीवर एकाच्या आकड्यांची सरस्वती काढायच्या त्या लहानपणी. ती इतक्या दूर येऊन इथे दाराआड बसली होती. त्यांनी हात जोडले. मग पायांनी आपलं नेहमीचं काम केलं. देवीला उजव्या हाताला ठेवून त्या प्रदक्षिणेला निघाल्या.

त्या असं काही करतील हे नात्सुएंच्या ध्यानीमनी नव्हतं. इथे लोक समोरून येतात आणि समोरूनच परत जातात. देव्हाऱ्यामागची बोळ झाडूवाल्यापुरती. हेमांगीताई अर्धी फेरी करून मागे पोचल्या, देव्हाऱ्याची मागची फळी दिसली, आणि गाभाऱ्याच्या मागच्या भिंतीला आपण जसं कपाळ टेकतो तसं त्यांनी त्या फळीला टेकलं. घटकाभर तशाच राहिल्या. कपाळावर चष्मा आहे हे त्या विसरून गेल्या होत्या.

फेरी पुरी करून त्या पुढे आल्या तेव्हा नात्सुएंनी पाटी छातीशी घट्ट धरली होती आणि त्यांच्या तोंडावरचा रंग पार उडाला होता. हाताला धरून त्या हेमांगीताईंना बाहेरच्या बागेत घेऊन आल्या. पाटी पुसायला त्यांचं बोट पुढे झालं, पण घाईत पाटीच कलंडली, आणि हेमांगीताईंना चित्र दिसलं.

एक चेहरा होता. मिटत आलेले डोळे, भरलेले गाल, आणि खाली वीणेची गोल कड. हेमांगीताईंच्या तोंडून फक्त "गे बाय माजे" एवढंच निघालं. मग त्यांची नजर कामाला लागली. गालावर बारीक भोकं होती. वीणेच्या पोटावर पिठासारखा भुगा साचला होता. आणि पाटीने टिपलेलं चित्र त्या घटकाभराचं, हलतं असल्यामुळे हेही दिसत होतं, की गळ्याजवळ तांदळाच्या दाण्याएवढे दोन ठिपके सरकत आहेत.

"पुसू नका," त्या म्हणाल्या. "ही अळी आहे. आतून पोखरतेय. वरून रंग शाबूत राहतो आणि एक दिवस हात लावला की नुसतं पीठ हातात येतं. आमच्याकडे अख्खी पेटी अशी गेलीय."

नात्सुए खाली बसल्या. त्यांना काय वाटत होतं ते त्यांनी लपवलं नाही. सांगितलं तर शब्द मोडल्याची कबुली द्यावी लागेल, आणि मग या टेकडीवरच काय, नारातल्या कुठल्याच देवळात त्यांना कुणी पायरी चढू देणार नाही. नाही सांगितलं तर देवी संपेल, आणि कुणाला कळणारही नाही, कारण दार उघडायचंच नाही. हेमांगीताईंनी व्यवहारी बाईला सुचेल ते सुचवलं: खाली भुगा सांडलेला दिसला असं सांगू. नात्सुएंनी मान हलवली. ती बोळ रोज झाडली जाते, भुगा कुणाला दिसणार नाही, आणि दोन बायकांच्या संशयावर कुणी काही करणार नाही.

"चूक माझी आहे," हेमांगीताई म्हणाल्या. "मीच सांगते. तुम्ही फक्त जपानीत बोला."

"नाही," नात्सुए उठत म्हणाल्या. "शब्द मी दिला होता."

मुख्य पुजारी एन्शुन बागेकडच्या ओसरीत बसले होते, वयाने सत्तरीच्या पलीकडचे. नात्सुएंनी जमिनीला डोकं टेकून सगळं सांगितलं आणि पाटी पुढे सरकवली. एन्शुननी पाटीवर नजरही टाकली नाही. दोन बोटांनी ती पालथी केली आणि हेमांगीताईंकडे पाहिलं. विचारलं ते इतकंच, की दार न उघडता काही करता येईल का.

इथे हेमांगीताईंचा जीव भांड्यात पडला, कारण हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. देव्हारा अख्खा एका हवाबंद पिशवीत घ्यायचा, आतली हवा काढून नायट्रोजन सोडायचा. तो हवेतलाच एक वायू, लाकडाला नि रंगाला त्याचा त्रास नाही, पण किड्याला प्राणवायू मिळत नाही. काही आठवडे तसंच ठेवलं की अंडी, अळ्या सगळं गुदमरतं. परदेशी जाणारी खेळणी त्या दर हंगामात अशीच कोंडत होत्या. दार उघडायला नको, औषध फवारायला नको, देवीकडे कुणी पाहायलाही नको. बोलता बोलता त्यांना कारखान्यातला जोर चढला, आणि नात्सुए भराभर जपानीत सांगत गेल्या.

"पण उशीर करू नका," हेमांगीताई म्हणाल्या. "वीणेच्या पोटावर एवढा भुगा साचलाय, म्हणजे किडा जुना आहे."

नात्सुएंनी हे वाक्यही जपानीत सांगितलं. एन्शुन मान डोलावत ऐकत होते, ते थांबले. मग त्यांनी हळू आवाजात काही विचारलं. नात्सुएंना ते मराठीत आणायला वेळ लागला.

"ते म्हणताहेत, तुम्ही डोकं टेकलं मागच्या फळीला. चष्मा पाहतो वीतभर. आणि वीणा तर देवी छातीशी धरते."

पाटीवरचं चित्र दोघींनी पाहिलं होतं, पण किड्यापायी एक साधी गोष्ट त्यांच्या डोक्यातच आली नव्हती. मागून पाहिलं तर पाठ दिसायला हवी होती. नात्सुएंनीच सांगितलेली ती डोळ्यांवर पट्ट्या बांधलेल्या भिक्षूंची गोष्ट आता तिघांनाही एकदमच आठवली. इतक्या भक्तिभावाने, इतक्या सांभाळून, एकदाही न पाहता त्यांनी देवीला उलटं बसवलं होतं.

एक दिवसाची सहल करायला आपण आलो आणि या म्हाताऱ्या माणसाचा सगळा जन्म त्याच्याकडून काढून घेतला, असं हेमांगीताईंना वाटलं. रोज पहाटे तो त्या दारापुढे बसला होता. त्याचे गुरू बसले होते. सगळे देवीच्या पाठीशी बोलत होते. हेमांगीताईंनी माफी मागायला हात जोडले, पण एन्शुन उठून उभे राहिले होते.

ते नात्सुएंना काहीतरी म्हणाले. नात्सुएंचे डोळे वाहू लागले, आणि रडता रडता त्यांनी सांगितलं, की यापुढे चष्मा टेकडीखाली ठेवून या, एवढंच म्हणाले. मग एन्शुननी हेमांगीताईंना पुढे चालायची खूण केली.

तिघं देवळात आली. काळ्या दारापुढे एन्शुन क्षणभर थांबले, पण बसले नाहीत. हेमांगीताई देवीला उजव्या हाताला ठेवून चालू लागल्या आणि त्यांच्यामागून एन्शुन, त्यांनी आयुष्यात कधी न केलेली अर्धी प्रदक्षिणा करत. बोळीत उजेड कमी होता. हेमांगीताईंनी फळीवरची जागा हाताने दाखवली आणि त्या बाजूला झाल्या.

एन्शुननी वाकून तिथे कपाळ टेकलं. किती वेळ ते तसे होते, हे दोघींपैकी कुणालाही सांगता आलं नसतं. त्यांचा एक तळवा फळीवर पसरला होता, तापलेल्या पोराच्या पाठीवर ठेवावा तसा. ते सरळ झाले तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर दुःख नव्हतं. काहीसं हसू होतं, आणि हेमांगीताईंना ते पाहून इतकं बरं वाटलं की त्यांनाच रडू आलं.

मग एन्शुननी एक प्रश्न विचारला. नात्सुएंना नव्हे, हेमांगीताईंना. जणू या बाईच्या गावी अशा गोष्टींचा निकाल नेहमीच लागत असावा. नात्सुएंनी तो शब्दाशब्दाने मराठीत सांगितला.

"आता दार उघडून तिला फिरवायचं, की आम्हीच मागे येऊन बसायचं?"