शेवटून दुसरा आकडा

ऑफिसात त्याला सगळे उचापत्या म्हणत, आणि त्याला ते भूषण वाटायचं. वय बावन्न, डोक्यावरचे केस अर्धे उडालेले, पण कोणाची तरी खोडी काढल्याशिवाय त्याला जेवण पचत नसे. शेजारच्या टेबलावरच्या पेंगुळ्याच्या माउसखाली चिकटपट्टी लावणं हा सकाळचा पहिला कार्यक्रम. पेंगुळ्या पाच मिनिटं माउस आपटायचा, मग उलटा करून बघायचा, आणि तोवर उचापत्या जगातला सर्वांत कामसू माणूस झालेला असायचा.

काम मात्र चोख. हॉस्पिटलांतून फायली यायच्या, त्यात डॉक्टरांनी लिहिलेलं निदान असायचं, त्याला यादीतला कोड लावायचा. पापणीच्या कातडीचा कॅन्सर तर त्याला तोंडपाठ होता. आधी सी चव्वेचाळीस, मग कॅन्सरचा प्रकार. शेवटून दुसऱ्या आकड्यात बाजू: उजवी असेल तर दोन, डावी असेल तर नऊ. अगदी शेवटी, वरच्या पापणीला एक, खालचीला दोन. बाजू म्हणजे पेशंटची, बघणाऱ्याची नव्हे. नवा माणूस हमखास इथेच आपटायचा. आणि बाजू लिहिलेली नसेल तर अंदाज ठोकायचा नाही, डॉक्टरांना विचारायचं. विभागाच्या मॅडमनी हे भिंतीवर चिकटवूनच ठेवलं होतं.

सोमवारी दुपारी त्यानं जी फाईल उघडली तिच्यात नेमकी बाजूच नव्हती. खालची पापणी, एवढंच. सोबत एकाच डोळ्याचा फोटो, अगदी जवळून काढलेला. पापणीच्या कडेला मोत्यासारखा चकचकीत दाणा, मधोमध खड्डा. बुबुळ काळंभोर, त्यात दिव्याचा ठिपका. मग त्यानं वर पेशंटचं नाव वाचलं आणि हातातला चहा खाली ठेवला.

ताई होती.

त्याची सख्खी बहीण, तीन वर्षांनी मोठी, दोन गल्ल्या पलीकडे राहणारी, शिवणकामावर संसार ओढलेली. कालच त्याच्याकडे जेवून गेली होती आणि एका शब्दानं बोलली नव्हती.

बाजू डॉक्टर विसरला होता, पण उचापत्याला ती कळत होती. काळंभोर बुबुळ म्हणजे उजवाच डोळा. डावा पंचेचाळीस वर्षं दुधाळ होता, त्यातून काही दिसत नसे. सात वर्षांचा असताना त्यानं गंमत म्हणून रबरबँडनं तारेचा तुकडा उडवला होता, तो थेट तिच्या डोळ्यात घुसला. ताईनं घरी सांगितलं, की दाराची कडी डोळ्याला लागली. आजतागायत ती तेच सांगत आली होती.

फाईलमध्ये पुढे लिहिलं होतं: गाठ खोल गेल्याची शंका. गुरुवारी ऑपरेशन. डोळा वाचेल अशी खात्री देता येत नाही.

नात्यातल्या माणसाची फाईल दुसऱ्याकडे द्यायची, हाही नियमच होता. त्यानं दिली नाही. बाजूच्या जागी नऊ टाकला. नुसतं बघायला, डावी असती तर कसं दिसलं असतं ते. मग एंटर दाबलं. ते चुकून दाबलं गेलं असं त्यानं पुढे स्वतःला बऱ्याचदा सांगितलं.

लगेच घाम फुटला. उद्या ह्या कोडावर विसंबून कोणी भलतीच पापणी कापली तर? दुरुस्त करायला त्यानं फाईल पुन्हा उघडली.

फोटोतलं बुबुळ दुधाळ होतं.

दाणा तसाच, खड्डा तसाच, डोळा मात्र दुसरा. उचापत्याला आधी हसूच आलं. पेंगुळ्यानं अखेर उट्टं काढलं म्हणायचं. त्यानं वळून पाहिलं. पेंगुळ्या हनुवटी छातीला लावून डुलक्या घेत होता. आणि ताईच्या डाव्या डोळ्याचा फोटो ह्याच्याकडे येणार कुठून?

जिन्यात जाऊन त्यानं ताईला फोन लावला. तुला कोणी सांगितलं, म्हणून ती आधी चिडली, मग नरमली. उगाच काळजी करत बसशील म्हणून बोलले नाही म्हणाली.

"कुठल्या डोळ्याला?" त्यानं विचारलं.

"डाव्या. नशीब समज. चांगल्याला झालं असतं तर सुईत दोरा कोण ओवणार होतं?"

"पहिल्यापासून डाव्यालाच?"

"तीन महिने झाले. असं काय विचारतोस रे?"

मंगळवारी त्यानं परीक्षा घेतली. शेवटचा दोन पुसून एक केला, फाईल बंद केली, उघडली. दाणा वरच्या पापणीवर होता. ताईला फोन केला तर ती कुरकुरत होती, वरची पापणी मिटली की टोचतं म्हणून. खालची ना, असं त्यानं विचारल्यावर म्हणाली, मी कधी खालची म्हटलं? त्यानं धावत येऊन पुन्हा दोन टाकला. बोटं इतकी ओली झाली होती की शर्टाला पुसावी लागली.

त्यानंतर त्यानं त्या फाईलला हात लावला नाही.

गुरुवारचं ऑपरेशन व्यवस्थित झालं. गाठ सगळी निघाली. घरी आल्यावर ताईनं पहिलं काम केलं ते मशीनवरचं कव्हर काढून उजव्या डोळ्यानं सुई ओवण्याचं. एका फटक्यात ओवली. उचापत्या खुर्चीत बसून बघत होता. नाक ओढत बाहेर गेला. दुसऱ्या दिवशी त्यानं अख्ख्या ऑफिसला चहा पाजला. पेंगुळ्यानं आपला कप आधी हुंगला, मग मॅडमना घोटभर प्यायला लावला, आणि त्या जिवंत राहिल्यावरच तोंडाला लावला.

पुढच्या बुधवारी फाईलमध्ये नवा फोटो आला. टाके काढल्यानंतरचा.

त्यानं उघडला. पापणीखाली बारीक गुलाबी रेघ, बाकी सगळं स्वच्छ. बुबुळ दुधाळ. पण त्यात काहीतरी चकाकत होतं. चौकोनी, उभं, त्याच्या मागच्या खिडकीच्या आकाराचं.

फोन वाजला. ताईच होती.

टाके निघाले, डॉक्टर खूश आहेत, असं तिनं सांगितलं. मग आवाज खाली आणला. हसायचं नाहीस तर सांगते म्हणाली. सकाळपासून डाव्या डोळ्यात उजाडल्यासारखं वाटतंय. पण समोरचं दिसत नाही, घरातलं नाहीच. भलतंच काहीतरी. डॉक्टरांना बोलले नाही, वेड्यात काढतील.

"आणि आत्ता?"

"आत्ता अगदी स्पष्ट," ताई म्हणाली. "आज दाढी नाही केलीस?"

त्यानं गालावरून हात फिरवला. खुंट बोचले.

पलीकडे पेंगुळ्या माउस आपटत होता.

स्क्रीनवरचा डोळा थेट त्याच्याकडे रोखलेला होता. त्यानं मोकळा हात हळूच उचलला आणि तळवा त्या डोळ्यावर ठेवला. काच कोमट होती.

"हात काढ रे," ताई म्हणाली. "नुसती बघतेय."

त्याच्या तळव्याला पापणीचे केस घासले. एकदा. मग पुन्हा.