सुकाणूवरची छाया

जेवण आटोपलं की जयश्रीबाई आवटी ओटा पुसायच्या, पलंगावर लोडाला टेकून बसायच्या आणि गेम सुरू करायच्या. मिरजेत भर दुपारी कुणी कुणाकडे जात नाही, त्यामुळे खेळायला ती वेळ बरी पडे. पडद्यावर नदी दिसायची आणि नदीत एक होडी. वल्ही जयश्रीबाईंच्या हातात, सुकाणू भूपालरावांच्या. ओढ्याचा फाटा जवळ आला की त्या न चुकता बजावायच्या, ‘‘सरळ घ्या हं. तिकडं काही नाही.’’ भूपालराव होडी सरळ घ्यायचे.

भूपालरावांना जाऊन सहा वर्षं झाली होती.

यात भुताटकीचा भाग काही नव्हता. हातात धरून खेळायच्या त्या यंत्रांमध्ये तेव्हा ‘छाया’ असायची. जोडीनं खेळणाऱ्यांपैकी एकाला सवड नसली तर दुसऱ्याचा खोळंबा नको, म्हणून ती सोय निघाली होती. कोण बटण किती जोरानं दाबतो, फाटा आला की कुठं वळतो, काहीच काम नसलं की काय करत बसतो, हे सगळं यंत्र टिपून ठेवायचं. त्या सवयींची मिळून छाया तयार व्हायची आणि ती माणसाच्या जागी बसून खेळायची. बनवणाऱ्यांच्या डोळ्यांपुढे होता तो परगावी गेलेला जोडीदार. कायमचा गेलेला त्यांच्या डोक्यात आला नव्हता. लोकांच्या मात्र लगेच आला.

आवटींच्या घरात हे खूळ आणलं त्यांच्या मुलानं, सम्यकनं. हॅम्बुर्गला नोकरीला जाताना तो ‘होडीवाले’ नावाचा गेम आईबाबांच्या हातात ठेवून गेला. जयश्रीबाईंनी आधी नाक मुरडलं. या वयात पोरखेळ कसले, असं म्हणून झालं. पण भूपालराव पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले. पाणी दिसलं की त्यांना राहवायचं नाही, मग ते पडद्यावरचं का असेना. काठावरच्या एका गावातून माल उचलायचा आणि पुढच्या गावात वेळेवर पोचवायचा, एवढाच तो खेळ. पण उभ्या संसारात दोघं जेवढं बोलले नसतील तेवढं त्या होडीत बोलले. माणूस गेल्यावर जयश्रीबाईंनी कपाट रिकामं केलं, चष्मा देऊन टाकला, स्कूटर विकली. गेम तेवढा राहू दिला.

यंदा त्या यंत्राची बॅटरी फुगली आणि मागचं झाकण वर आलं. ते मॉडेल केव्हाच बंद पडलं होतं, सुटे भाग मिळत नव्हते. सम्यकनं नवं यंत्र पाठवलं आणि फोनवर बजावलं की जुनं एकदा बंद पडलं तर आतलं सगळं जाईल, त्याआधी हलवून घे. दोन्ही यंत्रं पिशवीत घालून जयश्रीबाई लक्ष्मी मार्केटजवळ रुबीना शिकलगारच्या दुकानात गेल्या. रुबीना तिशीतली, हाताची चपळ आणि तोंडाची त्याहून चपळ. साठवलेली माहिती एका यंत्रातून दुसऱ्यात न्यायचं काम तिच्याकडे रोजचंच होतं.

तिनं दोन्ही यंत्रं शेजारी शेजारी मांडली. छाया हलवता यायची, तिची नक्कल मात्र करता यायची नाही. पूर्वी करता येत असे. मग एकेका बापाच्या चार छाया चार भावांच्या घरी नांदायला लागल्या, आमच्याकडचाच खरा म्हणून भांडणं कोर्टात गेली आणि शेवटी कायदा झाला. एक छाया, एक यंत्र. नव्यात आली की जुनं रिकामं.

हलवण्याआधी नवं यंत्र छायेची तपासणी करायचं. ती बघता बघता रुबीनाची बडबड थांबली.

‘‘काकू, ह्यात काकांचं फार थोडं उरलंय,’’ ती म्हणाली.

‘‘पुसलं गेलं की काय?’’

‘‘पुसलं नाही. वरनं भरत गेलंय. छाया खेळता खेळता शिकते की. काका होते तोवर त्यांच्याकडनं शिकली. नंतर शिकली ती तुमच्याकडनं. तुम्ही ‘नको’ लई वापरलंय.’’

जोडीदारानं नको ते केलं की दाबायला त्या यंत्राला एक बटण होतं. ते दाबलं की छाया तसं पुन्हा करायची नाही. आता भूपालरावांची खोड अशी की दिसेल त्या ओढ्यात होडी घालायची. आत काही नसायचं, माल पोचायला उशीर व्हायचा, पण तो माणूस बघून आल्याशिवाय राहायचा नाही. जिवंतपणी त्यावरून रोज कटकट व्हायची आणि तिचा रोज काही उपयोग व्हायचा नाही. छायेचं तसं नव्हतं. तिला ‘नको’ म्हटलं की ती ऐकायची. हळूहळू भूपालराव ओढ्यात शिरेनासे झाले, वळणं जपून घेऊ लागले, माल वेळेवर पोचू लागला. शेजारच्या बायकांना जयश्रीबाई कौतुकानं सांगत, आमच्या ह्यांना शेवटी वळण लागलं.

त्या स्टुलावर बसल्या. आपण सहा वर्षं कुणाशी बोलत होतो ते आता त्यांना कळलं. सुकाणूवरही त्याच होत्या आणि वल्ह्यांवरही त्याच. घरात एकट्या आहोत हे त्यांना माहीत होतं, पण होडीतही एकट्याच होतो हे कुणी सांगितलं नव्हतं. त्यांना लाज वाटली आणि त्याहून जास्त भीती वाटली.

रुबीनानं चहा मागवला आणि समजावून सांगितलं. मूळची छाया खाली शाबूत होती. वरचे थर काढून फक्त तीच नव्या यंत्रात नेता येत होती, किंवा आहे तशी सगळी. दोन्ही नाही. जे मागे राहील ते जुन्या यंत्राबरोबर जाणार होतं.

‘‘आणि मूळची नेली तर नव्या यंत्रात ती आपण होऊन शिकत नाही,’’ रुबीना म्हणाली. ‘‘तुम्ही ओळख करून दिली तरच शिकते. पण मग परत हेच होणार, काकू.’’

जयश्रीबाईंनी सम्यकला फोन लावला. तो कामात होता, तरी त्यानं नीट ऐकून घेतलं. मग म्हणाला, मागं सुट्टीत आलो होतो तेव्हा एकदा खेळलो होतो त्या छायेबरोबर. बाबा असे खेळायचे नाहीत, हे मला तेव्हाच कळलं होतं.

‘‘मग बोलला का नाहीस?’’

‘‘तू खूश होतीस, आई,’’ तो म्हणाला.

फोन ठेवून त्या बराच वेळ फुगलेल्या यंत्राकडे बघत राहिल्या. आतली छाया भूपालरावांची नव्हती, हे आता ठाऊक झालं होतं. पण त्यांच्या सहा वर्षांच्या दुपारी तिनंच काढल्या होत्या. सांधे दुखायला लागल्यापासून त्यांचा हात कुठं अडतो हे तिला माहीत होतं, तिथं ती थांबायची. आजारपणात, सणासुदीला, सम्यक आला नाही त्या दिवाळीत तीच सोबतीला होती. तिला मागे टाकणं म्हणजे ते सगळं मागे टाकणं. जयश्रीबाईंना मनापासून वाईट वाटलं, आणि आपल्याच सावलीचं वाईट वाटून घेतो आहोत याचं थोडं हसूही आलं.

‘‘मूळचे द्या,’’ त्या म्हणाल्या. ‘‘जसे होते तसे.’’

दुसऱ्या दिवशी भाकरी-आमटी पोटात ढकलून त्या लोडाला टेकल्या. नवं यंत्र हाताला गार लागत होतं. होडी निघाली. पहिला फाटा आला आणि सवयीनं त्यांच्या तोंडून ‘सरळ घ्या’ निघालं. होडी गपकन डावीकडे वळून ओढ्यात शिरली.

आत काही नव्हतं. लव्हाळं होतं, एक बगळा होता आणि पुढं वाट बंद. भूपालरावांनी तिथं होडी उभी केली आणि नुसते थांबून राहिले. ते असे थांबायचे, हे जयश्रीबाई साफ विसरून गेल्या होत्या. ‘नको’ शिकवता शिकवता त्यांनी ते थांबणंही पुसून टाकलं होतं. यंत्र मांडीवर ठेवून त्या रडल्या, आणि होडी तोवर तिथंच उभी होती.

डोळे पुसून त्यांनी पुन्हा वल्ही हातात घेतली. आता मात्र घोटाळा व्हायला लागला. त्या वल्हवायच्या तेव्हा ते सुकाणू फिरवायचे नाहीत, आणि ते फिरवायचे तेव्हा या थांबलेल्या असायच्या. होडी जागच्या जागी गरगर फिरली. स्वतःशीच जुळवून घेत इतकी वर्षं खेळल्यावर जयश्रीबाईंचाही हात बदलला होता. भूपालरावांना ठाऊक असलेली बाई वेगळी होती.

पडद्यावर अक्षरं उमटली. वल्ह्यावरचा खेळाडू छायेच्या ओळखीचा नाही. ओळख करून द्यायची का? खाली ‘हो’ होतं आणि ‘नाही’ होतं.

त्यांना कुपवाडच्या माहेरी झालेला कांदेपोह्यांचा कार्यक्रम आठवला. पाहुणे स्वयंपाकाचं, शिक्षणाचं विचारत होते, आणि मुलगा मान वर करून एवढंच म्हणाला होता, पोहता येतं का? त्यांनी नाही म्हटलं होतं. तरी होकार आला होता.

हो म्हटलं तर हा माणूस त्यांना ओळखायला लागणार होता, आणि ओळखता ओळखता पुन्हा त्यांच्यासारखाच होऊन जाणार होता. नाही म्हटलं तर तो जसा होता तसाच राहणार होता, आणि रोज दुपारी एका परक्या बाईला होडीत घेऊन ओढ्याओढ्यांतून हिंडणार होता. अंगठा बटणावर होता, पण दाबवेना. बाहेर रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. सुकाणूवरचा माणूस पाठमोरा बसून होता.

जयश्रीबाईंनी यंत्र तोंडाजवळ नेलं आणि हळूच विचारलं, ‘‘अहो, तुम्हीच सांगा. काय करू?’’